दम खाण्याची रीत : कठोर सरावानंतर श्वासाने शरीर आणि मन सावरताना

मराठीत ‘दम’ या एकाच शब्दात श्वासही आहे आणि ताकदही. धाप लागली की दम लागतो, थकलो की आपण दमतो, चिकाटीच्या माणसाला दमदार म्हणतो आणि कोणाला थांबवायचे असेल तर ‘जरा दम खा’ असे सांगतो. अतिदीर्घ पल्ल्याची धाव, तासन्‌तास चालणारे सायकलिंग, उंच डोंगरांवरील चढाई, मुष्टियुद्ध किंवा वेगाच्या तुकड्यांचा (थोडा वेळ वेगाने, मध्ये विश्रांती, पुन्हा वेगाने असा) जीवघेणा सराव करणारी माणसे आपला दम वाढवण्यासाठी वाटेल ते कष्ट उपसतात, परंतु दम खाणे हीही शिकण्याची आणि रोज घोटण्याची गोष्ट आहे, हे त्यांच्यापैकी फार थोड्यांना पटलेले असते. श्वसनाच्या सरावाकडे ती वळतात तीही बहुधा एखादे चित्तथरारक तंत्र पाहून: भराभर श्वास, मग दीर्घ कुंभक, म्हणजे श्वास रोखून धरणे, मग बर्फाचे पाणी. थकलेले शरीर सावरण्यासाठी मात्र याहून बरेच नीरस काहीतरी लागते, आणि या लेखाचा बहुतेक भाग त्या नीरस गोष्टीविषयी आहे.

श्वासाकडून काय मागावे

आधी अपेक्षा नेमकी करून घ्यावी. श्वसनाने दुखावलेले स्नायूतंतू जुळत नाहीत, रिकामे झालेले ग्लायकोजेनचे, म्हणजे स्नायूंतील इंधनाचे, साठे भरत नाहीत आणि झोपेची उणीव तर मुळीच निघत नाही. दीर्घ श्वसनाने ‘लॅक्टिक अ‍ॅसिड बाहेर पडते’ हे व्यायामशाळांत सर्रास ऐकू येणारे विधानही चुकीचे आहे. श्रमाच्या वेळी स्नायूंत हा पदार्थ लॅक्टेटच्या रूपात तयार होतो; हे लॅक्टेट हृदय, यकृत आणि स्नायू स्वतःच वापरून टाकतात, सराव थांबल्यावर साधारण तासाभरात त्याची रक्तातील पातळी मूळपदावर येते, आणि दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी जे अंग ठणकते त्याला ते कारणीभूत नसते.

श्वासाने साधते ते एवढेच, पण ते थोडे नाही: कष्ट संपले आहेत हा निरोप शरीरापर्यंत लवकर पोहोचवता येतो. हृदयाची गती, रक्तदाब, पचन, घाम ही सारी कामे आपल्या इच्छेबाहेर चालवणाऱ्या स्वायत्त चेतासंस्थेचे दोन भाग आहेत. कष्टाच्या वेळी अनुकंपी भाग वरचढ होतो आणि विश्रांतीच्या वेळी परानुकंपी भाग. हृदयाला ‘हळू चल’ असे थेट सांगता येत नाही. मात्र श्वास हे असे काम आहे की जे आपोआपही चालते आणि हवे तेव्हा आपल्या हातीही येते. श्वास आत घेताना हृदयाचे ठोके किंचित वेगाने पडतात आणि सोडताना ते मंदावतात, कारण उच्छ्वासाच्या काळात व्हेगस या मज्जातंतूचा हृदयावरील लगाम अधिक घट्ट होतो. मनगटावरील नाडीवर बोटे ठेवून दहा संथ श्वास घेतले, तर पुष्कळांना हा फरक बोटांखालीच जाणवतो. उच्छ्वास लांबवण्याचा सगळा खटाटोप या एका निरीक्षणावर उभा आहे.

दुसरी गोष्ट कार्बन डायऑक्साइडची. जोरजोरात श्वास घेतला म्हणजे शरीराला जास्त ऑक्सिजन मिळतो, ही समजूत फार पक्की रुजलेली आहे. निरोगी माणसाच्या धमन्यांतील हिमोग्लोबिन समुद्रसपाटीवर विश्रांतीच्या वेळीही ९५ टक्क्यांहून अधिक ऑक्सिजनने भरलेले असते. भरलेल्या घड्यात आणखी पाणी ओतल्याने घडा मोठा होत नाही. घाईच्या श्वसनाने प्रत्यक्षात घडते ते असे की रक्तातील कार्बन डायऑक्साइड उडून जातो, त्यामुळे मेंदूच्या रक्तवाहिन्या आकसतात आणि चक्कर येते. शिवाय डेन्मार्कचे शरीरक्रियाशास्त्रज्ञ ख्रिश्चन बोर यांनी १९०४ मध्ये दाखवून दिल्याप्रमाणे, कार्बन डायऑक्साइड कमी झाला की हिमोग्लोबिन ऑक्सिजनला अधिक घट्ट धरून ठेवते आणि ऊतींना तो सहजासहजी सोडत नाही. भरपूर हवा ओढून आपण ज्यांची भूक भागवायला निघालो, त्यांच्याच ताटात त्यामुळे कमी पडू शकते.

तिसरा मुद्दा साध्या गणिताचा आहे, पण तो एकदा कागदावर मांडून पाहावा. नाक, घसा आणि श्वासनलिका यांत प्रत्येक श्वासाची सुमारे १५० मिलिलिटर हवा अडकून राहते. फुप्फुसांतील ज्या वायुकोशांत ऑक्सिजन रक्तात मिसळतो, त्यांच्यापर्यंत ती पोहोचतच नाही. मिनिटाला ५०० मिलिलिटरचे १२ श्वास घेतले तर एकूण ६ लिटर हवा आत-बाहेर होते आणि त्यातली ४.२ लिटर कामी येते. तेवढीच ६ लिटर हवा २५० मिलिलिटरच्या २४ उथळ श्वासांत वाटली, तर कामी येणारी हवा केवळ २.४ लिटर उरते. उलट मिनिटाला सहाच श्वास घ्यायचे ठरवले, तर ते ४.२ लिटरचे काम ८५० मिलिलिटरच्या श्वासांत होते आणि एकूण हवा लागते ५.१ लिटर. म्हणजे संथ श्वसनात एकेक श्वास मोठा असला तरी मिनिटाची एकूण हवा कमी हवी. मला स्वतःला हे उमगायला फार उशीर झाला. पहिले काही महिने दीर्घ श्वसन म्हणजे छाती फुटेस्तोवर हवा भरणे अशीच माझी कल्पना होती, आणि दहा मिनिटांच्या ‘विश्रांती’नंतर मी बोटांना मुंग्या आणि डोक्यात हलकेपणा घेऊन उठत असे.

सुरुवात करण्यापूर्वी

हृदयविकार, अनियंत्रित रक्तदाब, अपस्मार, काचबिंदू किंवा डोळ्यांच्या पडद्याचा विकार, नुकतीच झालेली शस्त्रक्रिया किंवा गर्भारपण असेल, तर श्वास रोखण्याचे आणि वेगवान श्वसनाचे प्रकार वर्ज्य समजावेत आणि बाकीचेही डॉक्टरांना विचारूनच करावेत. दमा असलेल्यांनी आपले औषध जवळ ठेवावे. संथ श्वसन हे त्या औषधाला पर्याय नाही. ज्यांना घबराटीचे झटके येतात, त्यांचे श्वासाकडे लक्ष गेले की कधीकधी भीती वाढते. अशांनी डोळे उघडे ठेवून, चालता-चालता पावले मोजत सराव करावा, आणि तरीही अस्वस्थ वाटले तर सोडून द्यावा.

नंतर चार-पाच दिवस फक्त नोंदी कराव्यात. सकाळी उठल्यावर अंथरुणातच मिनिटभर नाडी मोजावी आणि दुसऱ्या मिनिटात श्वास. मोजायला लागले की श्वास आपोआप बदलतो, म्हणून शक्य असेल तर छाती-पोटाकडे पाहून दुसऱ्या कोणाला मोजू द्यावे. त्याच आठवड्यातील एका कठीण सरावाच्या शेवटी, थांबल्याक्षणी आणि बरोबर एका मिनिटाने नाडी पाहावी. या दोन आकड्यांतील फरक पुढे सर्वांत उपयोगी पडतो. वैद्यकीय ताण-चाचणीत पहिल्या मिनिटात हा फरक १२ ठोके किंवा त्याहून कमी भरला तर तो लक्ष देण्याजोगा मानतात. सराव असलेल्या खेळाडूचा तो बराच जास्त असतो. आपला आकडा सतत इतका कमी येत असेल, तर श्वसनाचे वेळापत्रक आखण्याआधी हृदयाची तपासणी करून घ्यावी.

पोटाचा श्वास

पाठीवर निजून गुडघे वाकवावेत, पावले जमिनीवर टेकवावीत, एक हात छातीवर आणि एक बरगड्यांच्या खालच्या कडेवर ठेवावा. श्वास घेताना खालचा हात आधी हलावा आणि बरगड्या केवळ पुढे नव्हे, तर दोन्ही बाजूंनाही फुलाव्यात. पोट मुद्दाम फुगवण्याची गरज नाही. श्वासपटल, म्हणजे छाती आणि पोट यांमधला स्नायूचा पडदा, खाली सरकले की पोट आपोआप वर येते. खांदे कानांकडे चढत असतील तर श्वास जास्त मोठा घेतला जात आहे एवढेच समजावे आणि तो लहान करावा. रोज पाच मिनिटे, आठवडाभर इतके पुरे. निजून जमले की बसून, मग उभ्याने, मग चालताना करून पाहावे. ही पायरी गाळण्याचा मोह प्रत्येकाला होतो, आणि ज्यांनी ती गाळली त्यांना पुढचे सारे प्रकार मानेच्या स्नायूंनी करावे लागतात.

कष्ट थांबल्यानंतरची पहिली दोन मिनिटे

सगळ्यांत जास्त चुका इथे होतात, म्हणून येथे थोडे थांबू.

पराकोटीच्या श्रमानंतर लगेच संथ श्वास घेण्याचा प्रयत्न करू नये. उत्तम खेळाडू सर्वोच्च श्रमाच्या वेळी मिनिटाला १५० लिटर किंवा त्याहूनही अधिक हवा आत-बाहेर करत असतो, कारण स्नायूंतून येणारा कार्बन डायऑक्साइड बाहेर टाकणे भाग असते. हे काम थांबल्याबरोबर संपत नाही. अशा वेळी तोंड मिटून नाकाने श्वास घेण्याचा हट्ट धरला तर हवेची भूक आणखी वाढते, माणूस घाबरतो आणि शेवटी अधिकच धापा टाकतो. पहिली ३० ते ४० सेकंद श्वास जसा येईल तसा येऊ द्यावा, तोंड उघडे राहू द्यावे.

त्यानंतर एकच गोष्ट हाती घ्यावी, ती म्हणजे उच्छ्वास. दर तिसरा-चौथा श्वास सोडताना ओठ फुंकर मारल्यासारखे करावेत आणि हवा पूर्ण बाहेर जाऊ द्यावी. श्वास आत घेण्याकडे लक्षच देऊ नये. फुप्फुसे रिकामी झाली की तो स्वतःहून येतो. साधारण मिनिटभरात असे लांब उच्छ्वास जवळजवळ येऊ लागतात. मग प्रत्येकच श्वास असा सोडावा आणि आत घेतानाचा श्वास हळूहळू नाकाकडे न्यावा. दोन मिनिटांच्या अखेरीस नाकाने श्वास घेता येऊ लागला म्हणजे वेळापत्रक ठीक चालले आहे. नाही आला तर आणखी एक मिनिट द्यावे. यात हार-जीत नाही.

या काळात शरीर कसे ठेवावे याबद्दल जुने प्रशिक्षक ‘वाकू नका, हात डोक्यावर ठेवा’ असे बजावत आले आहेत. महिला फुटबॉलपटूंवर झालेल्या आणि २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात वेगवान धावांच्या मधल्या विश्रांतीत हात गुडघ्यांवर टेकवून वाकणाऱ्यांची हृदयगती, हात डोक्यावर ठेवून ताठ उभे राहण्याच्या तुलनेत, अधिक लवकर खाली आली. गुडघ्यांवर टेकल्याने बरगड्या खाली येतात आणि श्वासपटलाला हालचालीसाठी चांगली जागा मिळते, असे त्याचे स्पष्टीकरण देतात. तुकड्या-तुकड्यांच्या सरावात म्हणूनच खुशाल वाकावे. दीर्घ शर्यतीच्या शेवटी मात्र एका जागी थबकू नये, कारण पायांचे स्नायू थांबले की रक्त पायांतच साठून भोवळ येऊ शकते; पाच ते दहा मिनिटे हळूहळू चालत राहावे आणि चालतानाच उच्छ्वास लांबवावा. डोळ्यांपुढे अंधारी आली तर लगेच आडवे होऊन पाय उंचावर ठेवावेत.

एक गोष्ट ठामपणे टाळावी: या पहिल्या दहा मिनिटांत श्वास रोखू नये. रक्तदाब उतरत असताना छातीत हवा दाबून धरली, तर हृदयाकडे परतणारे रक्त आणखी घटते आणि माणूस कोसळू शकतो. कुंभकाची हौस दुसऱ्या वेळी भागवता येते.

मिनिटाला सहा श्वास

अंग पुसून, कोरडे कपडे घालून आणि थोडे पाणी पिऊन झाले की मुख्य काम सुरू होते. निजावे किंवा पाठ टेकून बसावे. चार सेकंद श्वास आत, सहा सेकंद बाहेर, दोन्ही नाकाने, मध्ये विराम नाही. असे १० मिनिटे. एका मिनिटात बरोबर सहा श्वास होतात.

सहाच का, याला कारण आहे. रक्तदाब वर-खाली झाला की धमन्यांतील दाबमापक पेशी तो मेंदूला कळवतात आणि मेंदू हृदयगती बदलून तो सावरतो. या ये-जा करणाऱ्या लाटेचे एक आवर्तन साधारण दहा सेकंदांचे असते. श्वासही दहा सेकंदांचा ठेवला की दोन्ही लाटा एकमेकींवर बसतात, झोक्याला नेमक्या क्षणी दिलेल्या धक्क्यासारख्या, आणि हृदयगतीचा चढउतार सर्वांत मोठा होतो. इटलीतील लुचियानो बेर्नार्दी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००१ मध्ये दाखवले होते की लॅटिन भाषेतील जपमाळेची प्रार्थना आणि ‘ओम मणि पद्मे हुम्’ हा मंत्र, दोन्ही म्हणताना श्वासाची गती आपोआप मिनिटाला सहाच्या आसपास येते आणि हृदय-रक्तदाबाच्या लयी जुळतात. दोन अगदी भिन्न परंपरा एकाच आकड्यावर पोहोचल्या, याचे मला अजून नवल वाटते. आकडा सर्वांना तंतोतंत लागू नाही. बहुतेकांना मिनिटाला साडेचार ते साडेसहा यांदरम्यान कुठेतरी सहज वाटते, आणि उंच माणसांना बहुधा अधिक संथ गती मानवते.

सुरुवातीला सहा श्वास जड गेले तर तीन सेकंद आत आणि चार सेकंद बाहेर यापासून निघावे व दर तीन-चार दिवसांनी अर्धा-एक सेकंद वाढवावा. हवेची भूक लागणे, मध्येच मोठा श्वास घ्यावासा वाटणे, ही गती फार संथ असल्याची किंवा श्वास फार लहान असल्याची खूण आहे. चक्कर, ओठांभोवती बधिरपणा, बोटांना मुंग्या ही उलट दिशेची खूण. हवा जास्त जात आहे, श्वास बारीक करावा. नाकाखाली बोट धरले तर हवेचा झोत जेमतेम जाणवावा, इतका तो मऊ असू द्यावा.

घड्याळाकडे पाहत मोजण्याने काहींचे मन अधिकच ताठरते. त्यांनी उच्छ्वासाबरोबर भ्रामरीसारखा गुंजारव करावा. आवाज चालू ठेवायचा म्हटले की उच्छ्वास आपसूक लांबतो. २००२ मध्ये स्वीडनमधील संशोधकांना असे आढळले की गुणगुणताना नाकातील नायट्रिक ऑक्साइड शांत उच्छ्वासाच्या तुलनेत सुमारे पंधरापट वाढते. तो वायू रक्तवाहिन्या सैल करतो हे खरे, पण त्यावरून भ्रामरीने स्नायू लवकर सावरतात असा निष्कर्ष काढणे उतावीळपणाचे होईल. गुंजारवाचा खात्रीचा फायदा लांबलेला उच्छ्वास हाच आहे.

मनाची धग उतरवताना

शरीर थंडावले तरी मन धावतच राहते, विशेषतः शर्यत हातची गेली असेल किंवा सरावात पडझड झाली असेल तेव्हा. अशा वेळी दहा मिनिटे स्वस्थ बसवत नाही आणि बसावेही लागत नाही. नाकाने श्वास जवळजवळ पूर्ण घ्यावा, त्यावर आणखी एक छोटा घोट हवेचा घ्यावा आणि मग तोंडाने सावकाश, लांब सोडून द्यावा. हा सुस्काराच आहे. आपले शरीर नकळत दर काही मिनिटांनी असा सुस्कारा टाकतच असते आणि मिटू लागलेले वायुकोश त्यामुळे पुन्हा उघडतात. येथे तो फक्त जाणूनबुजून घ्यायचा. तीन ते पाच सुस्काऱ्यांतही फरक पडतो. रोज पाच मिनिटे केल्यास अधिक. स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात महिनाभर रोज पाच मिनिटे निरनिराळे प्रकार करून घेतले गेले. त्यांत सुस्काऱ्याच्या गटाची मनःस्थिती सर्वांत जास्त सुधारली आणि विश्रांतीतील श्वासगतीही उतरली. चौकोनी श्वसन आणि वेगवान श्वसन या दोन्हींपेक्षा तो गट पुढे होता.

चौकोनी श्वसन म्हणजे चार सेकंद आत, चार धरून, चार बाहेर, चार रिकामे. लष्करी प्रशिक्षणामुळे त्याला मोठे नाव मिळाले आहे. ते वाईट नाही. पण त्याचे स्थान स्पर्धेच्या आधी आहे, जेव्हा मन शांत आणि सावध असे दोन्ही हवे असते. झोपायला जाताना ते करू नये असे माझे मत आहे, कारण श्वास धरण्याच्या प्रत्येक टप्प्यात थोडी दक्षता लागते आणि झोपेला दक्षता नको असते. रात्री चार-सहाचीच लय पुन्हा धरावी, यावेळी न मोजता, आणि मध्येच डोळा लागला तर तो लागू द्यावा.

वेगवान श्वसन आणि दीर्घ कुंभक

आता त्या चित्तथरारक प्रकाराकडे. तीस-चाळीस भरगच्च श्वास भराभर घ्यायचे, मग श्वास सोडून शक्य तितका वेळ थांबायचे, मग एक श्वास भरून थोडे धरायचे, आणि हे सारे तीन-चार वेळा. डच साहसवीर विम होफ यांच्यामुळे हे तंत्र जगभर गेले. भस्त्रिका आणि कपालभाती यांची ओळख असणाऱ्यांना ते पूर्णपणे परके वाटणार नाही. नेदरलँड्समधील नायमेगन येथे झालेल्या आणि २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात, हे तंत्र शिकलेल्या निरोगी स्वयंसेवकांना जिवाणूंचे विषद्रव्य टोचले असता त्यांच्या रक्तातील दाहकारक द्रव्ये इतरांपेक्षा कमी वाढली आणि त्यांना तापासारखी लक्षणेही कमी जाणवली.

हा निष्कर्ष खरा आहे, पण त्याचे कारण नीट पाहावे. त्या श्वसनाने स्वयंसेवकांच्या रक्तातील अ‍ॅड्रिनॅलिन चांगलेच वाढले होते. अ‍ॅड्रिनॅलिन म्हणजे कष्टाचा संप्रेरक. जो प्रकार तो वाढवतो तो विश्रांती नसून आणखी एक सराव आहे. डोंगराएवढ्या कष्टानंतर त्यावर हा दुसरा ताण चढवणे मला शहाणपणाचे वाटत नाही. शिवाय सरावानंतर स्नायूंत होणारा थोडासा दाह हा शरीर नव्याने घडण्याचाही भाग असतो. तो दडपण्याची घाई कशाला? ज्यांना हा प्रकार आवडतो त्यांनी तो हलक्या दिवशी, सकाळी, रिकाम्या पोटी, आठवड्यातून दोन-तीनदा करावा आणि वहीत त्याची नोंद सराव म्हणूनच करावी.

सुरक्षिततेच्या बाबतीत मात्र मतभेदाला जागा नाही. श्वास घेण्याची ऊर्मी मुख्यतः कार्बन डायऑक्साइड वाढल्यामुळे येते, ऑक्सिजन घटल्यामुळे नव्हे. वेगवान श्वसनाने कार्बन डायऑक्साइड आधीच उडवून लावला की श्वास रोखलेला असताना ऑक्सिजन धोक्याच्या पातळीखाली गेला तरी धोक्याची घंटा वाजत नाही, आणि माणूस कोणतीही पूर्वसूचना न मिळता बेशुद्ध होतो. गादीवर असे झाले तर काही क्षणांत श्वास सुरू होतो. पाण्यात झाले तर तो श्वास पाण्याचाच असतो. उत्तम पोहणारेही यात बुडाले आहेत. म्हणून तलाव, नदी, समुद्र, अंघोळीचे टब यांत किंवा त्यांच्या काठावर, वाहन चालवताना, उभ्याने आणि शिडीवर-कड्यावर हा प्रकार कधीही करू नये. बर्फाच्या पाण्यात उतरायचे असेल तर वेगवान श्वसन संपून श्वास पूर्ववत झाल्यावरच उतरावे आणि आत असताना केवळ संथ उच्छ्वास करावा.

श्वसनाच्या स्नायूंचा स्वतंत्र सराव

सर्वोच्च श्रमाच्या वेळी शरीर वापरत असलेल्या ऑक्सिजनपैकी १० ते १५ टक्के एकट्या श्वसनाच्या स्नायूंकडे जातो. ते थकले की एका प्रतिक्षिप्त क्रियेने हातापायांच्या रक्तवाहिन्या आकसतात आणि पाय आणखी लवकर जड होतात. प्रतिरोध देणाऱ्या उपकरणातून दिवसातून दोनदा ३० जोरकस श्वास ओढणे, प्रतिरोध आपल्या सर्वाधिक क्षमतेच्या निम्म्याच्या आसपास ठेवणे आणि हे किमान चार ते सहा आठवडे चालवणे, ही रूढ पद्धत आहे. तो सराव सर्वांत कठीण दिवसांच्या आदल्या रात्री करू नये. याहून अधिक सांगण्यासारखे त्यात काही नाही.

आठवडा कसा बांधावा

पहिल्या आठवड्यात नोंदी आणि पोटाचा श्वास. दुसऱ्या आठवड्यापासून प्रत्येक सरावानंतरची दोन मिनिटे नियमाने. ती सरावाचाच भाग मानावीत, म्हणजे ‘वेळ नव्हता’ ही सबब उरत नाही. तिसऱ्या आठवड्यात दहा मिनिटांची सहा श्वासांची बैठक जोडावी, आठवड्यातून चार दिवस; कठीण सराव असेल ते दिवस त्यांत आधी धरावेत. चौथ्यापासून रात्रीची लय. सुस्कारे कधीही, कुठेही. विश्रांतीच्या आणि हलक्या दिवशी धावताना तोंड मिटून ठेवणे हाही एक चांगला लगाम आहे. नाकाचा श्वास अपुरा वाटू लागला की धाव हलकी राहिलेली नाही हे लगेच कळते.

उपयोग होतो आहे का, हे तीन ठिकाणी पाहावे. सराव थांबल्यावर पहिल्या मिनिटात उतरणारे ठोके, सकाळची नाडी आणि अंथरुणावर पडल्यापासून झोप लागेपर्यंतचा अंदाजे वेळ. हे आकडे रोज डोलतात, म्हणून एका दिवसावरून काही ठरवू नये. सात दिवसांची सरासरी काढून मागच्या आठवड्याशी ताडून पाहावी. हार्ट रेट व्हेरिएबिलिटी, म्हणजे लागोपाठच्या ठोक्यांमधील अंतराचा चढउतार, मोजणारी घड्याळे आणि छातीपट्टे आता पुष्कळांकडे असतात. त्यांच्या बाबतीत एक खबरदारी हमखास विसरली जाते: सकाळची मोजणी करताना मुद्दाम संथ श्वास घेतला तर तो आकडा तेवढ्यापुरता फुगतो आणि शरीर सावरल्याचा खोटा दाखला मिळतो. मोजणी नेहमीच्या सहज श्वासावर, रोज त्याच वेळी आणि त्याच अवस्थेत करावी, आणि श्वसनाचा सराव त्यानंतर.

सकाळची नाडी सलग चार-पाच दिवस नेहमीपेक्षा सात-आठ ठोक्यांनी जास्त राहिली, झोप तुटक झाली आणि सरावाची इच्छाच मरून गेली, तर बैठकीची मिनिटे वाढवत बसू नये. त्या आठवड्याचा सराव निम्म्यावर आणावा, अन्न आणि झोप वाढवावी. छातीत दुखणे, ठोके चुकल्यासारखे वाटणे किंवा श्रमाच्या मानाने अवाजवी धाप ही लक्षणे असतील, तर त्याच दिवशी डॉक्टरांकडे जाताना ही नोंदवही बरोबर न्यावी.